पिंपाखालची क्रुसेरा

६ डिसेंबर १९४२, रविवार

कालच्या गाडीनं पेटी आली. गार्ड बाल्दोमेरोनं ती हात लांब धरून उतरवली, रिकामी होती तरी. म्हणाला, "बाई, परत जाताना ही भरलेली असणार ना? त्या दिवशी मी सुट्टीवर आहे असं समजा."

पेटीत एक काठी होती, टोकाला चामड्याचा फास. ही वही होती. आणि राजधानीतल्या सीरमवाल्या डॉक्टर विन्योलीबाईंचं पत्र. क्रुसेरा जिवंत पाठवायची, मेलेल्या सापाचा त्यांना उपयोग नाही. एका जिवंत क्रुसेरामागे सीरमची, म्हणजे सापाच्या विषावरच्या औषधाची, एक नळी परत येईल. पेटी रेल्वे फुकट नेते. शेवटी लिहिलंय, "आपण एकट्या राहता आणि रात्री आपल्याला जाग असते, असं आपल्या पत्रावरून दिसतं. क्रुसेरा केव्हा बाहेर येते, काय खाते, हे लिहून ठेवाल का? गवताळ रानातल्या या सापाविषयी पुस्तकांत जे आहे, ते बहुतेक पेटीतले साप बघून लिहिलेलं आहे."

मला रात्री जाग असते हे मी त्यांना कशाला कळवलं, आठवत नाही.

बाईंना हवं ते सुट्या कागदावर उतरवून पाठवीन. वहीत बाकीचंही लिहावं म्हणते. नवरा, आन्सेल्मो, गेल्यावर रेल्वेनं हे फाटक माझ्याकडेच ठेवलं, त्याला अकरा वर्षं झाली. अकरा वर्षं मी फक्त गाड्यांच्या वेळा लिहिल्या. बुधवारी आणि शनिवारी गाडी सरहद्दीकडे जाते, सोमवारी आणि गुरुवारी परत येते. बाकीचे दिवस वारा असतो.

सीरमची एकच नळी उरली आहे, दोन वर्षांपूर्वीची. डब्यात घालून विहिरीत सोडून ठेवली आहे. विहिरीला पाणी नाही पण गारवा आहे.

११ डिसेंबर

सापडली. शोधायला कुठं जावं लागलं नाही.

घराच्या मागं पाण्याचं पिंप आहे, त्याच्याखाली आन्सेल्मोनं टाकलेली मोठी फरशी. पिंप थेंब थेंब गळतं, म्हणून फरशीच्या पूर्वेच्या कडेला ओंजळभर हिरवं गवत आहे. सप्टेंबरपासून पाऊस नाही, त्यात डिसेंबरचा हा उन्हाळा, तेव्हा दोन कोसांत तेवढंच हिरवं असेल. दिवेलागणीनंतर पाऊण तासानं त्या गवतात तोंड दिसलं. मग हळूहळू सगळी बाहेर आली. मनगटापेक्षा जाड, माझ्या छातीपर्यंत येईल एवढी लांब. डोक्यावर पांढऱ्या रेघांचा क्रूस. अंगावर दोन्ही बाजूंना फोनचे रिसीव्हर उपडे ठेवावेत तशी तपकिरी नक्षी. बाहेर आली, वेटोळं केलं, आणि बसली. अडीच तास हलली नाही. मीही हलले नाही.

पकडायची होती. काठी घरात राहिली होती.

२० डिसेंबर, रविवार

क्लोदोमिरो येऊन गेला. तो तारवाला, म्हणजे कुरणांची कुंपणं ओढतो, तुटलेली जोडतो. राहतो दोन कोसांवर, तरी मला शेजारीणबाई म्हणतो. पन्नाशी कधीच उलटली आहे, लग्न केलं नाही, लिहिता-वाचता येत नाही, बोलणं मात्र थांबत नाही.

कडू चहाचा तुंबा भरून, ओढायची नळी लावून दिला. दोन घोट घेतल्यावर म्हणाला, "या आठवड्यात नऊ झाल्या."

"काय नऊ?"

"क्रुसेरा. पोट आभाळाकडे करून तारेवर टांगल्या. आता बघाच."

"काय बघा? गेल्या आठवड्यात सहा टांगल्या होत्या. आभाळात चिमणीएवढा ढग आला का?"

"सहानं काय होतंय? दुष्काळ मोठा आहे."

मी सांगितलं, मारू नका, जिवंत आणून द्या, सीरम मिळेल. तो म्हणाला, जिवंत साप धरणारा माणूस आणि सीरम लागणारा माणूस एकच असतो. मग माझ्याकडे बघून हसला. मला हसू आलं नाही. इथं सगळेच टांगतात. माझी आईही टांगायची. पण पूर्वी एखादी टांगत. यंदा माणसं काठ्या घेऊन साप हुडकत हिंडताहेत.

पिंपाखालच्या क्रुसेराबद्दल त्याला बोलले नाही. सांगितलं असतं तर तिथंच दहावी झाली असती. ज्या खुर्चीत तो बसला होता तिथून फरशी सहा पावलांवर होती.

२४ डिसेंबर

नाताळची आदली रात्र. कोंबडी केली, एकटीला जास्त झाली. क्रुसेरा नऊ वाजून दहा मिनिटांनी बाहेर आली.

९ जानेवारी १९४३

आज शिकार बघितली. बाईंना नीट लिहून पाठवलं, इथंही लिहिते.

ओलीला बेडूक येतात. दोन बेडूक तिच्या तोंडापासून बोटभर अंतरावर बसले होते. ती बघेना. मी म्हटलं, "अगं, आयतं ताट वाढलंय." बेडूक तिचं अन्न नाही असं दिसतं. मग एक बिनशेपटीचा रानउंदीर गवताला आला. तिनं मान मागं घेतल्याचं दिसलं आणि पुढचं दिसलंच नाही. उंदीर उडाला, दहा पावलं पळाला. ती मागं धावली नाही. धरूनही ठेवला नाही. बसून राहिली, जणू तिचा त्याच्याशी काही संबंध नाही. चांगली वीस मिनिटं. मग जीभ लववत, तो ज्या वाटेनं गेला त्याच वाटेनं, प्रत्येक वळण घेत गेली. पोचेपर्यंत तो संपला होता. डोक्याकडून गिळला.

घाई नाही. आपलं केलेलं आपल्यापासून फार लांब जात नाही, हे तिला माहीत असतं.

आता रेल्वे दर शनिवारी अर्धंच पिंप पाणी देणार. बुधवारपर्यंत पुरेल. पुढं विहिरीच्या तळातला गाळ.

१७ जानेवारी, रविवार

क्लोदोमिरोनं न सांगता फाटकाची तार नवी केली. काम चांगलं करतो. जोड देताना तारेचे तीन पीळ घालून टोक आत वळवतो, हाताला लागू नये म्हणून. या भागात त्याची गाठ कोणीही ओळखेल. बाकीचे टोक बाहेर ठेवतात आणि गुरांची कातडी फाटतात.

मग बसला. विचित्र प्रश्न विचारत होता. घराला गळती आहे का. रेल्वे फाटकवालीला निवृत्तीनंतर काय देते. ताटल्या किती आहेत.

"ताटल्या चार. का?"

"चार म्हणजे चांगल्या आहेत," म्हणाला. "माझ्याकडे एक आहे. तीही टवका उडालेली."

म्हटलं, एक घेऊन जा. नको म्हणाला. उन्हानं डोकं तापलं असावं.

जाताना म्हणाला, "कार्निवलच्या रविवारी व्हेर्गाराला नाच आहे."

"फाटक कोण बघणार?"

"रविवारी गाडी नसते."

हे खरं होतं. बघू म्हणाले.

३० जानेवारी

बाईंचं पत्र. नोंदी आवडल्या, बेडकांची तर फारच. पण पेटी अजून का आली नाही? यंदा दुष्काळानं उंदीर घरांकडे आले, त्यांच्यामागून साप, चावे दुप्पट झाले आणि जिवंत साप कोणी पाठवत नाही. साठा संपत आला आहे. "आपल्या फरशीखालची मोठी मादी पाठवावी. अशा मादीचं विष पुष्कळ निघतं."

मी उत्तर लिहिलं की पकडणं अवघड जातंय.

ते खोटं आहे. ती रोज त्याच जागी, त्याच वेळी येऊन बसते. फास टाकायला मला लहान मुलाएवढीही अक्कल लागणार नाही. आज काठी घेऊन बाहेर गेले होते. काठी भिंतीला टेकवून बसले. पुढच्या गुरुवारी नक्की.

७ फेब्रुवारी

मी काटकसरी झाले आहे. अर्धं पिंप शनिवार ते शनिवार पुरायला लागलं. कालच्या गाडीचं पाणी यायच्या आधीही तळाला वीतभर होतं. भांडी राखेनं घासते, कपडे पंधरा दिवसांनी धुते, त्याचा हा परिणाम. आन्सेल्मो म्हणायचा, तुझ्या हाताला पाणी टिकत नाही. बघ म्हणावं.

कुणाचा तरी घोडा मोकाट सुटून रात्री इकडं येतो. मागच्या बाजूला खुरांचे ठसे असतात.

क्रुसेरा तीन आठवडे जेवलेली नाही. उंदीर समोरून गेला तरी बघते फक्त. दिवसा ती कधी दिसायची नाही. आता सकाळी अंगाचा मधला भाग उन्हात काढून ठेवते, डोकं फरशीखाली. तिला काय झालंय? तिला विचारलं. लोक देवाला विचारतात तसंच ते.

२१ फेब्रुवारी, रविवार

बाईंनी कळवलं: आजारी नाही, गाभण आहे. क्रुसेरा अंडी घालत नाही, पोटात पिल्लं वाढवते, म्हणून अन्न सोडून ऊन खाते. मार्चमध्ये विणार. "विण्यापूर्वी पाठवलीत तर आमच्यावर उपकार होतील. आपल्याकडे नळ्या किती शिल्लक आहेत?"

एक, असं लिहिलं. जुनी, असं लिहिलं नाही.

मला कळायला हवं होतं. मला कधी झालं नाही म्हणून कळलं नाही, एवढंच.

एक नोंद: तिनं जागा बदलली. पूर्वेची कड सोडून पश्चिमेच्या कडेला बसते. तिकडचा दगड दुपारच्या उन्हानं रात्री उशिरापर्यंत ऊबदार राहतो. मी हात लावून बघितला. हे बाईंना उद्याच पाठवते.

या गुरुवारी नाही. पुढच्या.

६ मार्च, शनिवार. सकाळी

काल रात्री पाणीचोर आला होता. दहापर्यंत मी बाहेर होते, चंद्र नाही, काही दिसेना म्हणून झोपले. सकाळी पिंपाजवळ रॉकेलचे दोन डबे. एक आडवा, माती भिजलेली. दुसरा काठोकाठ भरलेला, वर गोणपाट बांधलेलं. चोराची हिंमत बघा, डबे घेऊन आला. एक भरून झाला, दुसरा भरताना तिनं वाळक्या गवतात शेपूट वाजवली असणार, तसा टाकून पळाला. तिला म्हटलं, शाब्बास. भरलेला डबा पिंपात ओतला. आपलं पाणी आपल्याकडे.

चोरी होऊनही पिंप अर्ध्याच्या वर कसं, हे मात्र कळलं नाही.

त्याच दिवशी, रात्री

नीट लिहिते. लिहिल्याशिवाय झोप येणार नाही.

गाडी जाऊन तासभर झाला असेल, तेवढ्यात म्हातारी सातुर्नीना काठी टेकत आली. ती शब्दानं, म्हणजे मंत्र टाकून, सापाचं विष उतरवते. अर्ध्या कोसावर तिची झोपडी आहे. ती कधी कुणाकडे जात नाही, लोक तिच्याकडे जातात.

"ओर्फिलिया, तुझ्या विहिरीत ते सुईचं औषध आहे ना?"

"आहे. का?"

"तारवाला माझ्याकडे पडलाय. मध्यरात्रीपासून."

"मध्यरात्रीपासून? आणि आत्ता सांगतेस?"

"शब्द टाकला होता. शब्द टाकल्यावर तिसरा दिवस उगवेपर्यंत लोखंड लावायचं नसतं, तुला माहीत आहे. तोच म्हणाला, फाटकावर कळवायचं नाही. पण शब्द चढेना गं. पाय काळा पडला. माझा नेम मी मोडून आलेय, आता बोलत बसू नकोस."

मी विहिरीतून डबा ओढला. नळीतलं औषध गढूळ झालं होतं.

क्लोदोमिरो खाटेवर होता. डावा पाय मांडीपर्यंत फुगून चकाकत होता, घोट्याभोवती काळं आणि पाण्याचे फोड. पायात दोरीच्या तळाचे कापडी जोडे घालून हिंडतो तो, त्यातला एक कापून काढला होता. हिरड्यांतून रक्त येत होतं. मला बघून त्यानं तोंड भिंतीकडे केलं.

"कुठं चावली?"

"कुंपणाशी."

"कुठल्या कुंपणाशी?"

"सगळी माझीच आहेत, शेजारीणबाई."

पोटाच्या कातडीखाली सुई दिली. एवढ्या पायाला चार-पाच नळ्या लागतात हे बाईंनी पहिल्याच पत्रात लिहिलं होतं.

मी म्हटलं, "इथं यायला माझ्या दारावरूनच आलात ना? औषध माझ्या विहिरीत आहे हे इथल्या मेंढ्यांनाही ठाऊक आहे. हाक का नाही मारली?"

"तुम्ही झोपला होता."

"गाडीला उठते, तुम्हाला उठले नसते?"

सातुर्नीना मला म्हणाली, "आता तू तुझं केलंस, मी माझं केलं. अर्धं अर्धं. घेऊन जा त्याला."

आजची गाडी सरहद्दीकडे गेली, दवाखाना उलट दिशेला. परतीची गाडी सोमवारी. फाटकावर येऊन स्टेशनला फोन केला, लाइनवरच्या माणसांची ट्रॉली मागितली. उद्या पहाटे देतो म्हणाले.

मध्यरात्री कोण कुंपण ओढतं?

७ मार्च, रविवार

दोघांनी ट्रॉलीवर आडवा बांधून नेला. ताप होता. मी फाटक उघडून उभी राहिले. जाताना त्यानं डोळे उघडले.

"आज रविवार ना? नाच आहे," म्हणाला.

"गप्प पडा," म्हटलं.

हे बोलायला नको होतं.

९ मार्च

आज पाणी काढायला चोराचाच एक डबा घेतला. बरा वाटला म्हणून. रॉकेलच्या डब्याला वरून तारेची कडी लावलेली. बोटांखाली जोड आला. तीन पीळ, टोक आत वळवलेलं. हाताला लागू नये म्हणून.

फाटकाशी जाऊन तिथली गाठ बघितली. मग पुन्हा डब्याची. गरज नव्हती.

घोडा मोकाट नव्हता. मी काटकसरी नव्हते. ओढ्याला उरलेल्या एकाच डोहातून तो पाणी आणून ओतत होता, अर्धा कोस, दोन डबे घोड्याच्या दोन बाजूंना, आठवड्यातून किती वेळा कुणास ठाऊक. विधवेच्या घरामागं रात्री सापडलो असं कुणी म्हणू नये, म्हणून माझ्या विहिरीतलं औषध ओलांडून तो म्हातारीकडे गेला.

आणि ती फरशीखाली आहे हे मला डिसेंबरपासून माहीत होतं. पश्चिमेला सरकली हेही माहीत होतं. मी ते राजधानीला कळवलं.

१० मार्च, रात्री

कुऱ्हाड घेऊन बाहेर गेले. कुंपणाची तार पिंपापासून वीस पावलांवर आहे. मारून, पोट वर करून टांगली असती, तर कुणी काही म्हटलं नसतं. पाऊस आला असता तर सगळ्यांनी नाव काढलं असतं.

ती वेटोळं करून बसली होती. जड झाली आहे. माझ्याकडे तोंड होतं, पण ती मला बघत होती असं म्हणता येत नाही. ऊब कुठं आहे एवढंच तिला कळतं. त्या रात्रीही तिला एवढंच कळलं.

कुऱ्हाड ठेवली, काठी आणली. पहिल्याच वेळी फास बसला. खरंच अवघड नव्हतं. तीन महिन्यांत कधीही जमलं असतं.

११ मार्च, गुरुवार

रात्रभर पेटीत खुसखुस. पहाटे जाळीतून कंदील धरला. वीत वीत लांबीची पिल्लं, पातळ पडद्यात गुंडाळून बाहेर येत होती. पडदा फाडला की प्रत्येक पिल्लू आधी जांभई देई. सतरा मोजली. जन्मतःच डोक्यावर क्रूस. आई एका कोपऱ्यात, त्यांच्याकडे तिचं लक्ष नव्हतं. पोसायची नाहीत, शिकवायचं नाही. तिचं काम संपलं होतं.

गाडी आली. बाल्दोमेरो म्हणाला, "किती आहेत?"

"अठरा."

"तुम्ही एक म्हणाला होता."

"काल एकच होती."

त्यानं छातीवर क्रूस काढला, पण पेटी घेतली. स्वतःच्या डब्यात, खिडकीखाली सावलीत ठेवली. मी विचारायच्या आधीच म्हणाला, "तारवाला आहे अजून. पायाचं काही सांगत नाहीत."

संध्याकाळी सवयीनं खुर्ची बाहेर काढली.

२० मार्च, शनिवार

पिंप मंगळवारीच संपलं.

पेटी परत आली, सहा नळ्या घेऊन: आईची एक, सतरा पिल्लांच्या मिळून पाच. बाई लिहितात की सगळी सुखरूप पोचली, आईनं आठव्या दिवशी उंदीर खाल्ला, आणि माझी जागा बदलल्याची नोंद त्या छापणार आहेत. माझं नाव घालू का, विचारतात. नको म्हणून कळवते.

सहा नळ्या डब्यात घालून विहिरीत सोडल्या. डबा जड लागला.

त्याला पत्र लिहायला तीनदा बसले. त्याला वाचता येत नाही. नर्स वाचून दाखवणार, चाळीस खाटांसमोर. "ती तिथं आहे हे मला माहीत होतं" हे चाळीस खाटांसमोर कसं वाचायचं? आणि पाण्याचं? ते तर त्यानं मलाही कळू दिलं नव्हतं. लिहिलं, "प्रकृतीला जपावे. घोडा सातुर्नीनाकडे आहे, खातो. ओ. तेचेरा, फाटक."

१४ एप्रिल

बाल्दोमेरोनं सांगितलं: डावं पाऊल काढलं. घोट्याच्या वर. इथं म्हणतात, क्रुसेरा मारत नाही तर मोडते. लहानपणापासून ऐकतेय. ऐकायला सोपं आहे.

पाऊल नसलेला माणूस तार ओढू शकत नाही. टाच रोवूनच तार ताणतात.

२ मे

रात्री पाऊस. तास-दीड तास. तारांवर आता नुसती वाळलेली कातडी लटकताहेत, वाऱ्यात कागदासारखी वाजतात. त्यांच्यामुळे आला असेल तर पाच महिने का लागले?

पाऊस आला की पिठाच्या पोळ्या चरबीत तळायच्या, ही इथली रीत. तळल्या. दोन खाल्ल्या. उरलेल्या कोंबड्यांना.

८ मे, शनिवार

काल फोनवर स्टेशनमास्तर सहज म्हणाले की आजच्या गाडीनं तारवाला बहिणीकडे चाललाय, सरहद्दीच्या गावाला, कायमचा. माझ्या थांब्यावर गाडी आठ मिनिटं थांबते. इंजिनाची पाहणी आणि डाक. पाऊस नसताना पहाटे उठून पोळ्या तळल्या.

तो तिसऱ्या डब्यात खिडकीशी होता. वाळला होता. दाढी केलेली. कुबडी बाकाला टेकवलेली.

"शेजारीणबाई," म्हणाला, "आभाळ तर कोरडं आहे. कसल्या पोळ्या?"

"कालचं पीठ उरलं होतं."

पुडकं खिडकीतून दिलं. दोन मिनिटं गेली होती. मी सरळ सांगायचं ठरवलं होतं.

"ती फरशीखाली होती. मला डिसेंबरपासून ठाऊक होतं. तुम्ही मारून टांगाल म्हणून बोलले नाही."

तो पोळीचा तुकडा मोडत होता. "मला जानेवारीपासून ठाऊक होतं."

"काय?"

"पाणी घेऊन आलो, तर तुम्ही कंदील घेऊन बसलेल्या. तिच्याशी बोलत."

"मी बोलत नव्हते. नोंद करत होते."

"मोठ्यानं नोंद करत होता." तो हसला. एक दात गेला आहे. "तुम्ही आत जाईपर्यंत मी घोडा धरून उभा राहिलो. पुढं रोज पश्चिमेकडून यायला लागलो. ती पूर्वेला बसायची ना."

मग म्हटलं, "ती फेब्रुवारीत सरकली. मला माहीत होतं. मी लिहूनही ठेवलं होतं."

पलीकडच्या बाकावरची बाई आमच्याकडे बघत होती.

"मला वाचता कुठं येतं," म्हणाला.

"मारली का नाहीत? जानेवारीत?"

"यंदा एकोणतीस टांगल्या. तिसावी तुमची." त्यानं पोळीचं पुडकं पुन्हा बांधलं, गाठीचं टोक आत खोचलं. "ती टांगली असती तर तुम्ही नोंद कुणाजवळ केली असती? सगळ्या जिल्ह्याचा पाऊस अडला म्हणा. त्यांना सांगू नका."

"सहा नळ्या आल्या तिच्या बदल्यात."

"एका पावलाला सहा. मेंढीला एवढा भाव नाही."

इंजिनानं शिट्टी दिली. बाल्दोमेरो पायरीवर उभा राहून माझ्याकडे बघत होता. हिरवा झेंडा माझ्या हातात होता, गुंडाळलेला. तो दाखवल्याशिवाय गाडी हलत नाही. म्हणावं वाटलं, उतरा. चार ताटल्या आहेत. छप्पर गळत नाही. बसून करण्यासारखी कामं फाटकावर पुष्कळ असतात. हे सगळं एका वाक्यात बसेल असं वाक्य मी शोधत होते. शिट्टी पुन्हा झाली.

"शेजारीणबाई," क्लोदोमिरो हलकेच म्हणाला, "झेंडा."

मी झेंडा उघडला.

गाडी तीन मिनिटं उशिरा सुटली. अकरा वर्षांत पहिल्यांदा. नोंदवहीत कारणाच्या रकान्यात लिहिलं, "रुळावर गुरं." सहा महिने झाले, इथं दोन कोसांत एक ढोर उरलेलं नाही.

रात्री हिवाळ्याची पहिली थंडी पडली. अशा थंडीत ती असती तरी बाहेर आली नसती. खाली खोल जाऊन सप्टेंबरपर्यंत निजली असती. पिंप रविवारच्या पावसानं भरलं आहे. पश्चिमेच्या कडेला हात लावून बघितला, दगड गार होता. मग कंदील घेऊन खुर्चीवर बसले आणि आजची नोंद केली. मोठ्यानं.